काढला तरी परत होणारा मुतखडा : कुत्र्या-मांजरांच्या बाबतीत चूक कुठे राहते

आमच्या चंपीला अडीच वर्षांत तीनदा मुतखडा झाला. दोनदा पोट उघडून काढावा लागला, तिसऱ्यांदा ऑपरेशन न करता विरघळला. चंपी म्हणजे वावरात राखणीला असणारी आमची गावठी कुत्री. गाव हिंगणघाट तालुक्यातलं, तिचं वजन १८ किलो.

पहिल्या वेळी तिला काय होतंय हे कळण्यातच वीस दिवस गेले. घरून वावरात जाताना ती वाटेत दहा-बारा वेळा बसायची. दर वेळी चार थेंब, आणि शेवटच्या थेंबाला गुलाबी झाक. एप्रिल होता, पारा ४४ वर. माय म्हणाली, "उन्हाळी लागली असन तिले, सब्जा पाज." मी पाजला. तिसऱ्या दिवशी बरं वाटल्यासारखं झालं, पाचव्या दिवशी पुन्हा तेच. असं वर-खाली होत दिवस गेले आणि एका सकाळी लघवीच्या जागी नुसतं रक्त आलं. माणसाची उन्हाळी दोन दिवसांत उतरते. जनावराची आठ दिवस राहिली तर तिला उन्हाळी म्हणू नका, तपासणी करा.

हे सगळं लिहितोय ते मुख्यतः ज्यांच्या कुत्र्या-मांजराचा खडा एकदा काढून झालाय आणि तरी लक्षणं परत सुरू झालीत त्यांच्यासाठी. पण त्याआधी एक गोष्ट सांगणं भाग आहे, कारण तिथे वाचत बसायलाही वेळ नसतो.

नर असेल आणि लघवी पूर्ण बंद असेल तर

शेजारच्या काकूंचा बोका असाच गेला. चुलीच्या राखेच्या ढिगावर जाऊन बसायचा, कुंथायचा, ओरडायचा, मग मागचा भाग चाटत राहायचा. काकू म्हणाल्या, "बोक्याले संडास होऊन नाई राह्यली," आणि त्यांनी एरंडेल पाजलं. ते दुपारी. दुसऱ्या दिवशी त्याने खाणं टाकलं, दोनदा ओकला, रात्री कोपऱ्यात गार पडून राहिला. तिसऱ्या दिवशी सकाळी तो संपला होता. मी त्या वेळी चंपीच्या दुसऱ्या ऑपरेशनमधून गेलो होतो, मला ओळखता यायला हवं होतं. मी वावरात होतो, संध्याकाळी नुसतं ऐकलं आणि उद्या पाहू म्हटलं.

बोक्याची मूत्रनळी टोकाला फार अरुंद असते. तिथे खडाच अडकायला हवा असंही नाही, बारीक स्फटिक आणि चिकट द्रव्य मिळून बूच तयार होतं. लघवी तुंबली की मूत्रपिंडं काम थांबवतात, रक्तात पोटॅशियम वाढतं आणि ते थेट हृदयाचे ठोके मंद करतं. पूर्ण बंद झाल्यापासून दोन-तीन दिवसांत मांजर मरतं, २४ तासांनंतर प्रत्येक तास महागात जातो. पोटाखाली हलक्या हाताने चाचपलं तर संत्र्यासारखा टणक गोळा लागतो. तो दाबून लघवी काढायचा प्रयत्न अजिबात करू नका, तुंबलेली लघवीची पिशवी फुटू शकते. भरपूर पाणीही पाजू नका. बाहेर जायला वाट नसताना आत पाणी भरून उपयोग नाही.

कुत्र्याचं थोडं वेगळं. नर कुत्र्याच्या लिंगात एक हाड असतं, त्याला खालून पन्हाळीसारखी खाच असते आणि मूत्रनळी त्या खाचेतून जाते. हाड पसरत नाही, म्हणून पिशवीतून सुटलेला खडा नेमका त्या हाडाच्या मागे येऊन अडतो. डॉक्टर नळी घालून सलाइनच्या दाबाने तो खडा मागे पिशवीत ढकलतात, म्हणजे नळी कापावी लागत नाही, पिशवीतून काढता येतो. हे काम जितकं लवकर तितकं सोपं. दोन दिवस अडकलेल्या खड्याभोवती नळी सुजते आणि मग तो हलत नाही.

रात्र असो, झडी असो, नराची लघवी बंद असेल तर गाडी करा. मादीची नळी रुंद आणि आखूड असते, त्यामुळे तिच्यात पूर्ण अडथळा क्वचित होतो. पण होतच नाही असं नाही.

खडाच आहे का

लघवीत रक्त दिसलं की सगळे मुतखडा म्हणतात. गावठी कुत्र्यांत मात्र निदान तीन गोष्टी अशाच दिसतात. मादी माजावर असेल तर रक्त पडतंच, पण तेव्हा ती कुंथत नाही. दुसरं, कुत्र्यांच्या संगातून पसरणारी जननेंद्रियाची गाठ. फुलकोबीसारखी, हात लागताच रक्त येणारी. नरात ती कातडीच्या आत लपलेली असते आणि रक्त टिपकत राहतं, मग मालकाला वाटतं लघवीतून येतंय. आपल्याकडे मोकळ्या कुत्र्यांत ही गाठ फार दिसते, आणि व्हिन्क्रिस्टीनच्या आठवड्याला एक अशा काही इंजेक्शनांनी ती बहुतेक वेळा पूर्ण बरी होते. तिच्यासाठी पोट उघडायची गरज नसते.

तिसरं, गोचीड ताप. त्यात लघवी कॉफीसारखी किंवा लालसर होते, पण धार नीट असते, कुंथणं नसतं. ताप असतो, हिरड्या पांढऱ्या पडतात. लाल रंग आणि त्रास वेगवेगळे मोजा: रंग बदललाय पण धार चांगली आहे, की थेंब थेंब येतंय आणि वारंवार बसतंय? डॉक्टरांना हे एवढं सांगितलं तरी त्यांचं अर्धं काम होतं. मोबाइलवर दहा सेकंदांचा व्हिडिओ काढला तर आणखी चांगलं, कारण दवाखान्यात नेल्यावर जनावर घाबरून काहीच करत नाही.

मांजरांचं तर असं, की वारंवार बसणाऱ्या, रक्ताचे थेंब टाकणाऱ्या बहुतेक मांजरांत खडाही नसतो आणि जंतूही नसतात. मूत्राशयाचा दाह असतो, तो ताणाने उफाळतो. घरात नवीन मांजर आलं, जागा बदलली, लग्नघर झालं की सुरू. अशा मांजराला दर वेळी अँटिबायोटिक देऊन काही होत नाही. म्हणून आधी सोनोग्राफी किंवा एक्स-रे. बोटाने चाचपून 'खडा लागतोय' यावर ऑपरेशन ठरवू देऊ नका.

परत आला, की गेलाच नव्हता?

ऑपरेशननंतर महिन्या-दोन महिन्यांत खडा पुन्हा दिसला तर पहिला संशय हाच घ्या. खडे एकदोन नसतात. कधी चाळीस-पन्नास बारीक खडे ज्वारीच्या दाण्यांसारखे असतात, काही मूत्रनळीच्या तोंडाशी दडलेले असतात, आणि रक्ताळलेल्या पिशवीत ते हाताला सापडत नाहीत. म्हणून नियम असा आहे, की टाके घातल्यावर, जनावर घरी पाठवण्याआधी पुन्हा एक्स-रे काढायचा आणि आधीच्या एक्स-रेशी ताडून पाहायचा. चंपीच्या पहिल्या ऑपरेशनला तालुक्याच्या ठिकाणी हा दुसरा एक्स-रे झाला नाही. मीही विचारलं नाही, मला माहीतच नव्हतं. आता मी ऑपरेशनच्या आधीच विचारतो, "डॉक्टरसाहेब, नंतरचा फोटो निघेल ना?" नाही म्हणाले तर दुसरीकडे जातो.

एक्स-रेलाही मर्यादा आहे. स्ट्रुव्हाइट आणि कॅल्शियम ऑक्झलेट हे दोन नेहमीचे खडे त्यात पांढरे स्वच्छ दिसतात. युरेट आणि सिस्टीन मात्र फिकट दिसतात किंवा दिसतच नाहीत, त्यांना सोनोग्राफी लागते. 'एक्स-रे स्वच्छ आहे' म्हणून घरी आलेलं कुत्रं आठवड्यात पुन्हा कुंथायला लागलं, तर सोनोग्राफी राहिली होती का ते बघा.

आणखी एक, कमी घडणारी गोष्ट. पिशवीच्या आत टाक्याचा दोरा उघडा राहिला, तर त्या दोऱ्यालाच धरून नवा खडा वाढतो.

खडा फेकू नका

या सगळ्या लिखाणातली एकच गोष्ट लक्षात ठेवायची असेल तर ही ठेवा. पहिल्या ऑपरेशननंतर मला डॉक्टरांच्या मदतनिसाने एका वाटीत सुपारीएवढा खडा दाखवला. मी फोटो काढला, आठ-दहा जणांना पाठवला, आणि खडा तिथेच टाकून आलो. तो खडा तपासला असता तर दुसरं ऑपरेशन बहुधा झालं नसतं.

मुतखडा हा एक आजार नाही. चार-पाच वेगळ्या जातींचे खडे असतात आणि एकाचा उपाय दुसऱ्याचं कारण ठरू शकतो. स्ट्रुव्हाइट, म्हणजे मॅग्नेशियम, अमोनियम आणि फॉस्फेटचा खडा, लघवी अल्कधर्मी झाली की वाढतो आणि आम्लधर्मी केली की विरघळतो. कॅल्शियम ऑक्झलेटचा खडा कशानेच विरघळत नाही, काढावाच लागतो, आणि आम्लधर्मी लघवीत तो उलट वाढायला मदत होते. म्हणजे स्ट्रुव्हाइटचा आहार ऑक्झलेटवाल्या कुत्र्याला वर्षभर खाऊ घातला, तर पैसे खर्चून आपणच पुढचा खडा तयार करतो. युरेटचा खडा डाल्मेशियन जातीत जन्मजात दोषामुळे होतो, इतर कुत्र्यांत सापडला तर यकृताची रक्तवाहिनी चुकीच्या वाटेने जातेय का हे तपासावं लागतं. अशा कुत्र्याला कलेजी घालणं बंद. सिस्टीनचा खडा जास्त करून न खुडलेल्या, म्हणजे खच्ची न केलेल्या नरांत होतो, आणि पुष्कळांत खच्चीकरणानंतर तो थांबतो.

डोळ्यांनी पाहून जात सांगता येत नाही, कितीही अनुभवी माणूस असला तरी. गुळगुळीत असला तर स्ट्रुव्हाइट, काटेरी असला तर ऑक्झलेट असं म्हणतात, पण तो अंदाजच. एकाच खड्यात आत एक आणि वर दुसरं कवचही असतं. अमेरिकेतल्या मिनेसोटा विद्यापीठात १९८१ पासून प्राण्यांचे खडे तपासणारं एक केंद्र चालतं, तिथे जगभरातून खडे जातात. सुरुवातीच्या वर्षांत तिथे आलेले कुत्र्यांचे खडे बहुतांश स्ट्रुव्हाइट होते. पुढच्या वीस-पंचवीस वर्षांत ऑक्झलेट त्यांच्या बरोबरीला आले. त्यामुळे 'कुत्र्यांत स्ट्रुव्हाइटच असतो' हे जुनं गृहीत आता धरून चालत नाही.

आपल्याकडे करायचं एवढंच: खडा स्वच्छ पाण्याने धुवायचा, सावलीत वाळवायचा आणि कोरड्या डबीत ठेवायचा. फॉर्मालिनमध्ये बुडवू नका, त्याने स्ट्रुव्हाइटचं दुसऱ्याच खनिजात रूपांतर होतं आणि रिपोर्ट चुकतो. माणसांच्या मुतखड्याची तपासणी करणाऱ्या मोठ्या लॅबचे संकलन केंद्र आता तालुक्याला असतात. इन्फ्रारेड पद्धतीने करतात का ते विचारायचं आणि डॉक्टरांच्या चिठ्ठीवर खडा कुत्र्याचा आहे हे स्पष्ट लिहून घ्यायचं. नागपूरला सेमिनरी हिल्सवरचं पशुवैद्यकीय महाविद्यालय आणि अकोल्याची स्नातकोत्तर पशुवैद्यक संस्था, दोन्हीकडे दवाखाने आहेत. गुंतागुंतीच्या केसला मी तिथेच जाण्याचा सल्ला देईन.

चंपीचं कारण

दुसऱ्या वेळी नागपूरला खडा तपासला, तो स्ट्रुव्हाइट निघाला. मांजरांत हा खडा बहुतेक वेळा जंतूंशिवाय होतो आणि नुसत्या आहाराने दोन ते पाच आठवड्यांत विरघळतो. कुत्र्यांत मात्र त्याच्या मागे जवळपास नेहमी जंतुसंसर्ग असतो. स्टॅफिलोकॉकस किंवा प्रोटियससारखे जंतू लघवीतल्या युरियाचा अमोनिया करतात, लघवी अल्कधर्मी होते, स्फटिक जमतात, आणि जंतू त्या खड्याच्या थरांत जाऊन बसतात. तिथे औषध पोचत नाही. म्हणून खडा शिल्लक असताना आठ दिवस गोळ्या दिल्या की लक्षणं जातात आणि गोळ्या थांबल्या की खड्यातले जंतू पुन्हा बाहेर येतात.

तेव्हा प्रश्न असा विचारायला हवा: संसर्ग खरंच गेला का, आणि परत परत का होतोय? पहिल्यासाठी कल्चर लागतं, म्हणजे लघवीतले जंतू लॅबमध्ये वाढवून पाहण्याची तपासणी. जमिनीवर पडलेली किंवा वाटीत धरलेली लघवी त्याला चालत नाही, तीत बाहेरचे जंतू येतात. डॉक्टर सोनोग्राफीत पाहून पोटातून बारीक सुईने थेट पिशवीतली लघवी घेतात. ऐकायला भयंकर वाटतं, चंपी मात्र हललीही नाही. नमुना बर्फाच्या थर्मासमध्ये ठेवून त्याच दिवशी लॅबला पोचला पाहिजे. मे महिन्यात एसटीच्या टपाखाली चार तास तापलेल्या नमुन्यात काय वाढेल ते आपलं आपल्याला कळतं.

कल्चरवरून नेमकी गोळी ठरली, ती दिली. नंतर पुन्हा कल्चरला या, असं डॉक्टरांनी बजावलं होतं. ते दिवस सोयाबीन काढणीचे होते, मळणीयंत्र दारात उभं होतं, कुत्री उड्या मारत होती. मी गेलो नाही. पाच महिन्यांनी तिसरा खडा.

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर त्या तिसऱ्या वेळी सापडलं. डॉक्टरांनी विचारलं, हिला आणखी कोणती औषधं चालू आहेत? मी म्हणालो, काही नाही. मग माय म्हणाली, "खाजेचं इंजेक्शन नाई का देत तू?" चंपीला दर पावसाळ्यात लूत लागायची आणि गावात येणाऱ्या माणसाकडून मी तिला महिन्याला एक इंजेक्शन द्यायचो. ते स्टेरॉइड होतं. खाज दोन दिवसांत थांबायची म्हणून सगळे देतात. स्टेरॉइड वारंवार दिलं की शरीराची जंतूंशी लढायची ताकद घटते, लघवीत संसर्ग होतो, आणि दाह दबल्यामुळे कुंथणं, रक्त यातलं काही दिसत नाही. लघवीतून कॅल्शियमही जास्त जातं, म्हणजे ऑक्झलेटचा धोकाही वाढतो. मी लुतीला औषध म्हणून देत होतो, आणि तिच्या पिशवीत खडा वाढत होता. लुतीवर आता नीट उपचार केला, किडे मारणारं औषध दिलं, इंजेक्शन बंद.

तुमच्या कुत्रीत कारण वेगळं असेल. जाड माद्यांत मागच्या बाजूला कातडीची घडी येते, ओल धरते, तिथून जंतू वर चढतात. म्हाताऱ्या कुत्र्यात मधुमेह असू शकतो. न खुडलेल्या वयस्क नरात प्रोस्टेट ग्रंथी पाहायची. पण औषधांची यादी सांगताना 'काही नाही' म्हणण्याआधी घरच्यांना विचारा.

तिसरा खडा लहान होता, वाट अडत नव्हती. विरघळवण्याचा खास आहार आणि त्यासोबत अँटिबायोटिक, असं अडीच महिने चाललं, दर महिन्याला एक्स-रे. त्या काळात तिला भाकरीचा तुकडासुद्धा दिला नाही. पोरांना हे समजावणं सगळ्यात अवघड गेलं. तो आहार पिल्लांना आणि गाभण कुत्रीला चालत नाही, आणि अडथळा असलेल्या नराला त्यावर ठेवून वाट पाहत बसायचं नसतं.

पाणी

जात कोणतीही असो, पातळ लघवीत खडा सहजी जमत नाही. प्रत्येक खड्याला लागू होणारा हा एकच उपाय, आणि तो आपल्या हातात आहे. डॉक्टरांकडे घनता, म्हणजे लघवी किती दाट आहे ते मोजायचं छोटं यंत्र असतं. कुत्र्याची लघवी १.०२० च्या खाली आणि मांजराची १.०३० च्या खाली राहिली पाहिजे. पहिल्यांदा मोजली तेव्हा चंपीची १.०४५ होती.

कारण शोधायला लांब जावं लागलं नाही. वावरात तिच्यासाठी एक लोखंडी घमेलं होतं, धुऱ्यावर, उन्हात. दुपारी त्यातल्या पाण्याला हात लागत नव्हता. ती ते पीत नव्हती, संध्याकाळी घरी येऊन एकदम प्यायची. आता फुटक्या माठाचं बूड बाभळीच्या सावलीत अर्धं मातीत पुरलंय, दुसरं कोठ्यात, तिसरं घराच्या ओसरीत. मातीचं भांडं पाणी गार ठेवतं. रोज घासून पाणी बदलायचं, शेवाळलेलं पाणी कुत्रं नाइलाजाने पितं. १८ किलोच्या कुत्रीला साध्या दिवशी सुमारे १ लिटर पाणी लागतं, उन्हाळ्यात त्याहून बरंच जास्त.

पाणी प्यायला लावण्यापेक्षा खाऊ घालणं सोपं. कोरडी भाकर फेकायची सवय सोडली. आता भाकर पाण्यात किंवा कोंबडीच्या पातळ पाण्यात भिजवून देतो. त्या पाण्यात मीठ, कांदा, लसूण नाही. कांदा-लसणाने कुत्र्या-मांजरांच्या रक्तातल्या तांबड्या पेशी फुटतात. मांजराला कोरडे दाणे घालत असाल तर तेही भिजवा, किंवा उकडलेलं मांस त्याच्या पाण्यासकट द्या. मांजर मुळात कमी पाणी पिणारं जनावर, ते अन्नातूनच पाणी घेतं.

आणि पाणी गेलं की बाहेर पडायलाही हवं. रात्रभर साखळीला बांधलेलं कुत्रं सकाळपर्यंत लघवी धरून ठेवतं. झडीच्या दिवसांत तर मोकळं कुत्रंही ओसरीतून उतरत नाही. झोपण्याआधी आणि पहाटे मी तिला स्वतः बाहेर नेतो, पावसात छत्री घेऊन नेलंय.

बोअरच्या पाण्याला बहुतेक जण दोष देतात, विशेषतः अकोला, अमरावती, बुलढाण्याच्या खारपाणपट्ट्यातले. पाण्याच्या जडपणामुळे कुत्र्यांना खडे होतात असं म्हणायला भक्कम आधार नाही, आणि मला त्याहून भीती वाटते ती अशी, की बोअरला दोष दिला की माणूस बाकी काही शोधत नाही. मात्र पाणी इतकं मचूळ असेल की जनावर ते कमी पितं, तर तुम्ही स्वतः जे पिता ते त्याला घाला.

घरचे उपाय

सराट्याचा काढा, पाणफुटीची पानं, कुळथाचं कढण, हे सगळं मला सुचवलं गेलं आणि पहिल्या वेळी मी त्यातलं पुष्कळ केलंही. ऑक्झलेटचा खडा त्याने विरघळत नाही, जंतूंचा स्ट्रुव्हाइट अँटिबायोटिकशिवाय जात नाही, आणि दरम्यान दिवस जातात. ज्यांचा त्यावर विश्वास आहे त्यांच्याशी मी वाद घालत नाही, फक्त एवढंच म्हणतो की आधी एक्स-रे काढा आणि महिन्याने पुन्हा काढून पाहा.

पण काही गोष्टींवर वाद घालीन. खाण्याचा सोडा देऊ नका, तो लघवी अल्कधर्मी करतो आणि स्ट्रुव्हाइट वाढवतो. व्हिटॅमिन सीच्या गोळ्या देऊ नका, त्याचं शरीरात ऑक्झलेट होतं. कळ येतेय म्हणून घरातली तापाची गोळी देऊ नका. पॅरासिटामॉल मांजराला एका गोळीतही मारू शकतं, आणि माणसांच्या दुखण्याच्या गोळ्यांनी कुत्र्याचं आतडं आणि मूत्रपिंड जातं, तेही आधीच लघवी तुंबलेली असताना.

नंतर किती दिवस

ऑक्झलेटवाल्यांनी मनाची तयारी ठेवावी. काळजी घेऊनही तीन वर्षांत जवळपास निम्म्या कुत्र्यांत तो परत येतो. म्हणून सहा महिन्यांनी एक्स-रे. खडा वाटाण्याहून लहान असतानाच दिसला तर भूल देऊन, पिशवी भरून, कुत्र्याला उभं धरून धारेबरोबर बाहेर काढता येतो, पोट उघडावं लागत नाही. वाट पाहिली तर तीच गोष्ट पुन्हा ऑपरेशनवर जाते. स्ट्रुव्हाइटवाल्यांनी गोळ्या संपल्यावर कल्चर करावं आणि नंतर काही महिने लघवी तपासत राहावं. मला दोन ऑपरेशनांना जितका खर्च आला त्यात या तपासण्या कित्येक वर्षं झाल्या असत्या.

बकरी पाळणारे हमखास विचारतात म्हणून: खच्ची केलेल्या बोकडालाही हेच होतं, आणि त्याच्यात कारण जास्त करून खाण्याचं असतं. विक्रीसाठी वजन वाढवायला ज्वारी, मका, गव्हाचा कोंडा भरपूर घातला की फॉस्फरस वाढतो. फार लहानपणी खच्ची केलं तर नळी अरुंद राहते. बोकड शेपटी हलवत कुंथत असेल आणि लेंड्या ठीक असतील तर लघवी बघा, आणि १९६२ या नंबरवर फोन करून जनावरांच्या डॉक्टरांचं फिरतं पथक बोलवा. त्याच्याकडेही फार वेळ नसतो.

चंपीचा शेवटचा एक्स-रे संक्रांतीनंतर झाला, पिशवी स्वच्छ होती. कल्चरमध्ये काही वाढलं नाही, घनता १.०१८. पुढची तारीख रामनवमीच्या आठवड्यातली आहे, त्या दिवशीची गाडी मी आत्ताच सांगून ठेवली आहे.